एका तासाचा सिंधुदुर्ग

माळव्यातल्या मराठी माणसाला समुद्र हा शब्द फार लवकर ठाऊक होतो आणि समुद्र फार उशिरा भेटतो. आपल्याकडे सागर म्हणायचे ते यशवंत सागर तलावाला, आणि अथांग म्हणायचे ते श्रावणातल्या नर्मदेला. माझे वडील होळकर दरबारचे गवई. संस्थान १९४८ मध्ये विलीन झाले त्याआधीची अवघी दोन-तीन वर्षे त्यांच्या वाट्याला आली. पण ‘दरबारी’ हे बिरुद त्यांनी पुढे अर्धशतक सांभाळले. त्यांच्या संग्रहात दर्या, नैया आणि पैलतीर यांनी भरलेल्या कितीतरी चिजा होत्या. त्या त्यांनी शेकडो शिष्यांना शिकवल्या, आणि समुद्र मात्र जन्मात पाहिला नाही. त्यांना उतारवयात झालेला मी. त्याच चिजा मी आज शिकवतो, आणि या हिवाळ्यापर्यंत माझीही स्थिती त्यांच्याहून फारशी निराळी नव्हती. मुंबईला चौपाटीवर उभे राहून चणे खाल्ले होते, एवढेच.

यंदा समुद्र पाहण्याचा हट्ट धरला तो आमच्या आत्याने. वडिलांची ही सर्वांत धाकटी बहीण. वय पंच्याऐंशीच्या पलीकडे, कान शाबूत, गुडघे नाहीत. “काशी झाली, रामेश्वर राहिलं तरी चालेल, पण आपल्या गावाकडचा समुद्र एकदा दाखव,” असे तिचे म्हणणे. आपले गाव म्हणजे मालवणाकडचे एक खेडे. त्याचे नाव आता आम्हां कोणालाच धड सांगता येत नाही. पेशव्यांच्या सरदारांबरोबर माळव्यात उतरलेली जी अनेक घराणी, त्यांतलेच आमचे एक. अहिल्याबाईंच्या वेळी महेश्वरास, आणि १८१८ मध्ये राजधानी इंदूरला आल्यावर इंदुरास. इतक्या पिढ्यांत गाव गेले, भाषेत ‘अपन’ आणि ‘भिया’ शिरले, माशांचा वास सोसेनासा झाला. टिकली ती एक गोष्ट.

ती गोष्ट आमची पणजी आजीला सांगे आणि आजी मुलांना. आपल्या गावासमोर भर समुद्रात शिवाजी महाराजांचा किल्ला आहे, आणि त्या किल्ल्यात तीन विहिरी आहेत. एक दुधाची, एक दह्याची आणि एक साखरेची. माझे वडील दहा वर्षांचे झाले तेव्हा त्यांनी ही गोष्ट खोटी असल्याचे जाहीर केले. समुद्रात दुधाची विहीर असेल तर ते दूध नासत कसे नाही, असा त्यांचा बिनतोड सवाल होता. पुढे आत्या मोठी होऊन तीच गोष्ट सांगू लागली, तेव्हाही ते हसत. बहिणीला चिडवायचे झाले की “दुधाच्या विहिरीचं काय झालं?” एवढे म्हणणे पुरे होई. हा वाद दोघांत साठ वर्षे चालला आणि वडिलांच्या निधनाने अनिर्णित राहिला.

अवंतिका एक्सप्रेसने मुंबई, तिथून रात्रीच्या कोकणकन्येने कुडाळ आणि पुढे एस.टी.ने मालवण, असा आमचा प्रवास झाला. कोकण रेल्वे १९९८ मध्ये सुरू होण्यापूर्वी हाच प्रवास किती दिवसांचा झाला असता याचा हिशेब आत्या वाटेत करीत होती. मालवणला जिथे उतरलो तिथल्या मालकांनी रात्री जेवताना विचारले, “उद्या दिवसाची सहल घेता काय?” सकाळी सिंधुदुर्ग, दुपारी तारकर्ली आणि देवबागचा संगम, संध्याकाळी परत, बारा माणसे, एक वाटाड्या, नाव आणि गाडी धरून. खर्च विचारला तर इंदुरात चौघांनी हॉटेलात जेवायला जावे तेवढाही माणशी पडत नव्हता. मास्तराच्या खिशाला मानवेल अशी ही सहल, म्हणून लगेच होकार दिला. इतक्या स्वस्तात काय मिळते आणि काय मिळत नाही, हे दुसऱ्या दिवशी कळायचे होते.

सकाळी धक्क्यावर वाटाड्या भेटला. तिशीतला, सावळा, अनवाणी. त्याने आधी सगळ्यांच्या गळ्यांत तरंगणारी जाकिटे अडकवली. आत्याने नऊवारीवरून ती घालण्यास बरीच कुरकुर केली, पण तो हसून म्हणाला, “आजी, ह्या नाय घातलास तर होडी हलाची नाय.” आणि ते योग्यच होते. १८ डिसेंबर २०२४ रोजी मुंबईहून घारापुरीला निघालेल्या प्रवासी बोटीला नौदलाची वेगवान नौका धडकून अनेकांचे प्राण गेले. त्या दुर्घटनेची आठवण अजून ताजी आहे, आणि जाकीट अंगात नसेल तर पोहता येणे ना येणे सारखेच ठरते.

होडी सुटायला अवकाश होता, तेवढ्यात त्याने आत्याला विचारले, “आजी, आज तीथ काय?” पंचांगाशिवाय पाणी न पिणारी आमची आत्या, तिने तत्काळ सांगितले, “माघ शुद्ध दशमी.” तो म्हणाला, दहाची पाऊणपट साडेसात, म्हणजे साडेसातला भरती होऊन गेली, आणि दीडच्या सुमाराला पुरी सुकती. कोकणातल्या दर्यावर्दी लोकांचा हा जुना आडाखा. तिथीचा आकडा पाऊणपट केला की भरतीची अंदाजे वेळ मिळते. अष्टमीला सहा, द्वादशीला नऊ, पौर्णिमा-अमावास्येला अकरा-बाराच्या दरम्यान. भरतीपासून ओहोटीपर्यंत सहा तासांहून थोडे अधिक, आणि दुसऱ्या दिवशी सगळे वेळापत्रक पाऊण तासाहून थोडे जास्त पुढे. चंद्र रोज तेवढाच उशिरा येतो, आणि पाणी त्याच्यामागून चालते. घड्याळावर चालणाऱ्या आम्हां शहरी माणसांना हे सांगावे लागते; पंचांगावर चालणाऱ्या आत्याला ते सांगताक्षणी समजले. बारा जणांत तीच एकटी पुढे दिवसभर समुद्राची वेळ सांगत होती.

किनाऱ्यापासून किल्ला उण्यापुऱ्या एका किलोमीटरवर. दहा-पंधरा मिनिटांचा तो प्रवास. डावी-उजवीकडे पाण्याबाहेर डोकावणारे काळे खडक, आणि त्यांच्यामधून अचूक वळणे घेणारी होडी. नावाड्याचे लक्ष समोर नव्हते. तो पाण्याचा रंग पाहून सुकाणू फिरवीत होता. वाटाड्याने पाठ केलेली माहिती सांगायला सुरुवात केली. याला कुरटे बेट म्हणत. १६६४ मध्ये महाराजांनी ही जागा हेरली. किनाऱ्यावर ‘मोरयाचा धोंडा’ म्हणून खडक आहे, तिथे पूजन करून कामाला आरंभ झाला. हिरोजी इंदुलकरांच्या देखरेखीखाली तीन वर्षांत, १६६७ पर्यंत, गड उभा राहिला. पायाच्या दगडांत शिसे ओतले. बेटाचे क्षेत्र अठ्ठेचाळीस एकर, तट जवळजवळ तीन किलोमीटर, आणि तो नागमोडी, म्हणजे येणारे गलबत कुठल्यातरी तोफेच्या टप्प्यात आलेच पाहिजे. इंग्रजांनी १७६५ मध्ये तो घेतला तेव्हा ‘फोर्ट ऑगस्टस’ असे त्याचे बारसे केले. ते नाव इथे कोणाच्या तोंडी बसले नाही. गेल्या वर्षी, जुलै २०२५ मध्ये, युनेस्कोने मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारशात घेतले, त्यांत हा एक.

हे सारे एका दमात सांगून तो पुढे म्हणाला, “आत शिवराजेश्वराचा मंदिर, महाराजांच्या हाताचो नि पायाचो ठसो, भवानीमाता, मगे दूधबाव, दहीबाव, साखरबाव...”

आत्याने माझा दंड धरला. इतका घट्ट, की तबल्याच्या हातोडीचा घाव बसावा तसा तो मला अजून आठवतो. “काय म्हणाला तो?” मी वाटाड्याला पुन्हा म्हणायला लावले. दूधबाव, दहीबाव, साखरबाव. बाव म्हणजे विहीर. गडावरच्या गोड्या पाण्याच्या तीन विहिरींची ही नावे. दूध नव्हते, दही नव्हते, साखरही नव्हती; नावे होती. सात-आठ पिढ्यांच्या तोंडून, महेश्वर आणि इंदूर फिरून, कोकण न पाहिलेल्या बायकांनी ही तीन नावे जशीच्या तशी वाहून आणली होती. वाटेत ‘बाव’ शब्द गळला, नावाचा अर्थ लावला गेला, आणि त्याची परीकथा झाली. आमच्या धंद्यात हे रोज घडते. गुरूच्या तोंडून आलेल्या चिजेतला एखादा शब्द झिजतो, शिष्य त्याला आपल्या समजुतीचा शब्द लावतो, आणि तिसऱ्या पिढीत पंडित म्हणतात की ही चीज अशुद्ध. चीज अशुद्ध नसते; तिचे गाव हरवलेले असते.

गडाचे द्वार समोरून दिसतच नाही. होडी अगदी तटाशी येते, तरी दगडाची भिंतच पुढे असते. आणि मग दोन बुरुजांच्या आड वळल्यावर दिल्ली दरवाजा एकाएकी उघडतो. धक्क्यावर उतरताना नावाड्याने बजावले, “एक तास हा. एका तासान होडी सुटतली.” सगळ्या होड्यांचा हाच नियम. पाळीपाळीने माणसे आणायची आणि न्यायची, म्हणजे सर्वांना धंदा मिळतो आणि भाडे कमी राहते. अठ्ठेचाळीस एकर, साडेतीनशे वर्षे, आणि एक तास!

मला जुन्या तव्यांची आठवण झाली. अठ्ठ्याहत्तर फेऱ्यांच्या त्या तबकडीवर एका बाजूला जेमतेम तीन-सव्वातीन मिनिटे गाणे मावत असे. मोठमोठ्या गवयांना त्यात आलाप, अस्ताई, अंतरा आणि तान कोंबावी लागे. पुष्कळांनी त्यातही चमत्कार करून ठेवले. पण आपल्या इंदूरचे उस्ताद अमीर खां, होळकर दरबारच्या शहामीर खांचे चिरंजीव, यांची झुमऱ्यातली ती अतिविलंबित लय तीन मिनिटांत कशी मावणार? तिला लांब तबकडी यावी लागली. १९६० मध्ये त्यांचे मारवा आणि दरबारी निघाले तेव्हा घरी बसलेल्या रसिकाला त्या लयीचा खरा अंदाज आला. स्वस्त सहल म्हणजे तीन मिनिटांचा तवा. तिला नावे ठेवण्यात अर्थ नाही. ज्याला मैफलीचे तिकीट परवडत नव्हते त्याच्या घरी गाणे तव्यानेच नेले. मात्र तीन मिनिटांत सगळा राग गाण्याचा हट्ट धरला, की काहीच हाती लागत नाही. एकच स्वर धरावा.

आम्ही विहीर धरली. वाटाड्याला सांगितले, ठसे राहू देत, तट राहू दे, आम्हांला फक्त बावीशी ने. त्याला हे चमत्कारिक वाटले. बाकीच्या दहा जणांची कुरबुर सुरू झाली. एक गृहस्थ घड्याळ दाखवून म्हणाले की पैसे सगळ्यांनी सारखे दिले आहेत. त्यांचे चुकत नव्हते. अखेर त्याने आपल्या एका भाच्याबरोबर मंडळींना पुढे पाठवले आणि स्वतः आत्याचा हात धरला. हा मुलगा गडातच जन्मलेला. आजही काही कुटुंबे गडावर नांदतात. पावसाळ्यात दर्या खवळतो, होड्या बंद होतात, तेव्हा किनाऱ्याशी त्यांचा संबंध तुटल्यासारखा होतो; म्हणून त्याआधी धान्य भरून ठेवायचे किंवा मालवणात बिऱ्हाड हलवायचे. “मग पाणी?” आत्याने विचारले. तो म्हणाला, “ह्याच बावीचा. आमी ह्याच पाणी पितंव.”

दगडी बांधणीची साधी विहीर. आसपास माड, थोडे गवत, आणि तटापलीकडे समुद्राचा अखंड आवाज. शेजारच्या घरातून एका बाईने कळशी आणि पोहरा आणून दिला. पाणी वर आले. आत्याने ओंजळीत घेतले, आधी हुंगले, मग प्याली. मी तिच्या तोंडाकडे पाहत होतो. काही वेळ ती बोललीच नाही.

“गोड आहे का ग?” मी विचारले.

“खारट नाही,” ती म्हणाली. “विहिरीच्या पाण्यासारखं पाणी आहे.” आणि मग पदराने तोंड पुसून, “दादाला सांगायला हवं होतं रे.”

असे होते कसे, हे तिनेच वाटाड्याला विचारले. त्याने हात जोडून महाराजांची कृपा म्हटली. कृपा आहेच, बेट निवडताना गोड्या पाण्याची खात्री करून घेणे हीच ती कृपा. पावसाचे पाणी बेटाच्या खडकांत आणि मातीत मुरते. गोडे पाणी खाऱ्या पाण्याहून हलके, म्हणून ते खाली शिरलेल्या समुद्राच्या पाण्यावर तरंगत राहते. फार उपसले तर खालचे खारे वर येते. बेताने काढले तर उन्हाळाभर पुरते. जंजिऱ्यातही गोड्या पाण्याचे तलाव आहेत. पाण्यावाचून जलदुर्ग म्हणजे दगडाचे जहाज. वेढा पडला की पंधरवड्यात निशाण खाली.

तासातली वीस मिनिटे विहिरीवर गेली, उरलेली आत्याच्या गुडघ्यांत. परतताना शिवराजेश्वराचे दर्शन उभ्याउभ्या झाले. राजाराम महाराजांनी बांधविलेल्या या देवळात महाराजांची मूर्ती दाढीविना आहे. नेहमीच्या चित्रांतले महाराज पाहून गेलेल्याला क्षणभर ओळख पटत नाही. चुन्यात उमटलेले हाता-पायाचे ठसे मी पाहिलेच नाहीत. होडीत बसल्यावर ते घड्याळवाले गृहस्थ तटावरून काढलेली छायाचित्रे मला दाखवू लागले. आत्याने त्यांना गोष्ट सांगितली. दूध, दही, साखर, दहा वर्षांचा दादा, सगळी. ते ऐकत राहिले, आणि मग हळूच म्हणाले, “आम्हांला का नाही नेलं बावीवर?”

दुपारी देवबाग. कर्ली नदी समुद्राला मिळते तिथे एका बाजूला खाडी, एका बाजूला समुद्र आणि मधे माडांची चिंचोळी पट्टी. खाडीच्या तोंडाशी वाळूचा एक उंचवटा ओहोटीला वर येतो. २००४ च्या सुनामीनंतर तो दिसू लागला असे तिथले लोक सांगतात, म्हणून त्याला ‘सुनामी बेट’ म्हणतात. आत्याच्या पंचांगाप्रमाणे दीडला पाणी पुरते उतरले आणि आम्ही पोटरीभर पाण्यात उभे राहिलो. इथे मात्र आमच्या सहलीने दगा दिला. ठरावात असलेली डॉल्फिन दाखवणारी फेरी “आज दर्या बरोबर नाही” म्हणून गाळली गेली, आणि पैसे काही परत झाले नाहीत. दर्या मला तरी तळ्यासारखा दिसत होता. पण दर्याचे कळणाऱ्याशी न कळणाऱ्याने भांडू नये म्हणून गप्प बसलो. आत्याने पाण्यात उभ्याउभ्या बरोबर आणलेली नर्मदेची बाटली समुद्रात ओतली. नर्मदा भडोचपाशी याच समुद्राला मिळते, हे मी तिला सांगितले. ती म्हणाली, “ठाऊक आहे. मी वाट थोडी कमी केली तिची.”

संध्याकाळी किनाऱ्यावर रापण ओढताना पाहिली. समुद्रात अर्धवर्तुळाकार टाकलेले ते लांबच लांब जाळे, आणि त्याचे दोन दोर दोन टोकांना धरून मागे मागे सरकणारी तीस-चाळीस माणसे. पाय वाळूत रुतवायचे, हाळी द्यायची, त्या हाळीवर सगळ्यांनी एकदम ओढायचे. हाळीत सूर असेल-नसेल. पण सम अशी पक्की, की माझ्या वर्गातल्या विद्यार्थ्यांनी ती ऐकायला हवी. तिथे सम चुकली तर टाळी चुकत नाही, जाळे निसटते. निघालेल्या मासळीचे वाटे पडतात. दोर धरणाऱ्या प्रत्येकाचा वाटा. यांत्रिक नौकांनी खोल पाण्यातच मासळी उचलल्यामुळे रापणकरांच्या हाती पूर्वीसारखे लागत नाही, असे ते सांगतात. मालवणचा समुद्र १९८७ पासून सागरी अभयारण्य आहे. तरी पोट आणि पर्यटन यांचा मेळ अजून बसायचा आहे. आमचा वाटाड्याही रापणकराचाच मुलगा. वडील जाळे ओढतात, हा माणसे ओढतो.

वाचकांपैकी कोणी जाणार असतील तर अनुभवाच्या चार गोष्टी सांगतो. जावे ते दिवाळीनंतर आणि उन्हे तापण्याआधी. पावसाळ्यात गडाच्या होड्या बंद असतात. सहल ठरवताना काय काय धरले आहे आणि एखादी फेरी रद्द झाल्यास पैशांचे काय, हे आधीच बोलून घ्यावे; मी घेतले नाही. जाकीट दिल्याशिवाय होडीत पाऊल टाकू नये. तिथी पाहून निघावे. देवबागला ओहोटी दुपारची मिळाली तर उत्तम. एक तासाची होडी नको असेल तर परतीच्या वेळेचे धक्क्यावरच ठरवून पाहावे, थोडे जास्त देऊन. आणि मत्स्याहार नसेल तर सोलकढी, घावन आणि काजूची उसळ यांवर माणूस आठवडाभर सुखाने राहू शकतो. पोहे-जिलबीची आठवण तिसऱ्या दिवशी येते.

आता त्या विहिरीचे पाणी आमच्या देवघरात एका तांब्याच्या गडूत आहे. परत आल्यावर आत्याने पहिली गोष्ट केली ती ही, की वडिलांच्या तसबिरीपुढे तो गडू ठेवला आणि म्हणाली, “घे. दूध नाही, पण नासलंही नाही.”

परवा माझ्या वर्गात एका मुलीने दर्याची चीज शिकताना विचारले, “सर, समुद्र खरंच इतका मोठा असतो?” इतकी वर्षे या प्रश्नाला मी वडिलांचेच उत्तर देत आलो, ते म्हणत, लय वाढव म्हणजे कळेल. या वेळी मी म्हणालो, “लय कमी कर. सहा तासांत एक सम येते, इतकी.”